पुरलेला हंडा आणि उपवर मुलगी

कंजूष बाप, घरात कुठेतरी दडवलेला पैसा आणि लग्नाला आलेली मुलगी, एवढ्या तुटपुंज्या भांडवलावर रंगभूमीने सुमारे बावीसशे वर्षे हशा वसूल केला आहे. हे सूत्र इतके जुने आहे की ते कुणी कुणाकडून उचलले हा वाद आता निरर्थक झाला आहे. खरा प्रश्न वेगळाच आहे. दर पिढीला, दर भाषेला हेच सूत्र पुन्हा मांडावेसे का वाटते? आणि प्रत्येक ठिकाणी ते थोडे वेगळे का वाकते? प्रस्तुत संग्रहातील लेख या दोन प्रश्नांभोवती फिरतात. तेही हैदराबादेत बसून, म्हणजे मराठी आणि तेलुगू या दोन्ही रंगभूमींचे आवाज ज्या उंबऱ्यावर ऐकू येतात तिथून.

आधी मूळ पुरुष. रोमचा नाटककार प्लॉटस याच्या 'औलुलारिया' या नाटकात युक्लिओ नावाच्या गरीब म्हाताऱ्याला घरातच चुलीखाली सोन्याने भरलेला हंडा सापडतो आणि त्या दिवसापासून त्याच्या डोळ्याची झोप उडते. दारात कुणी उभे राहिले तरी तो चोर, शेजाऱ्याने गोड शब्दांत विचारपूस केली तरी तो चोर. पण नाटकाच्या आरंभीच त्या घराचा रक्षणकर्ता देव स्वतः रंगमंचावर येऊन प्रेक्षकांना सांगून टाकतो की हा हंडा या म्हाताऱ्यासाठी नाहीच. त्याची मुलगी रोज मनोभावे पूजा करते, तिचे लग्न व्हावे म्हणून मी तो दाखवला. पैसा मुलीचा आहे हे प्रेक्षकाला पहिल्या प्रवेशापासून ठाऊक असते, बापाला मात्र अखेरपर्यंत उमगत नाही. या नाटकाची शेवटची पाने काळाच्या ओघात हरवली, पण सोबत आलेल्या प्राचीन सारांशावरून कळते की म्हातारा शेवटी हंडा लेक-जावयाच्या हाती देतो.

मोलियरने १६६८ साली पॅरिसमध्ये 'लाव्हार' रंगवले तेव्हा हा देव गेला, हंड्याच्या जागी बागेत पुरलेली दहा हजार मोहरांची पेटी आली आणि बाप सावकार झाला. आर्पागों हे त्याचे नाव, आणि ती भूमिका मोलियर स्वतः करी. मुलीला तो एका वयस्क, श्रीमंत गृहस्थाला द्यायला निघतो, कारण तो गृहस्थ हुंडा मागत नाही. मुलाने जिच्यावर जीव टाकला तिच्याशी स्वतःच लग्न करायला बघतो. पेटी चोरीला जाते आणि मग येतो तो प्रवेश, ज्यासाठी हे नाटक तगले असे मला वाटते. बाप चोरीचा आरोप करतो, मुलीचा प्रियकर गुन्हा कबूल करतो. एक बोलतो आहे पेटीविषयी, दुसरा मुलीविषयी, आणि कितीतरी वेळ दोघांचीही वाक्ये चपखल जुळत राहतात. तुझी नजर तिच्यावर पडलीच कशी, तिला हात लावलास का, आता ती कुठे आहे, हे सगळे दोघींना सारखेच लागू पडते. विनोद गैरसमजाचा आहे असे आपण म्हणतो, पण इथे गैरसमज झालेलाच नाही. त्या बापाच्या हिशेबी पेटी आणि मुलगी या दोन्ही एकाच जातीच्या वस्तू आहेत: जपायच्या, दडवायच्या आणि कमीत कमी खर्चात दुसऱ्याच्या घरी पोचवायच्या. मोलियरने त्याला फक्त बोलते केले.

याच नाटकात एक मध्यस्थ बाई आहे. ती म्हाताऱ्याला पटवते की मुलगी हुंडा आणत नसली तरी ती साधे खाते, दागिने मागत नाही, जुगार खेळत नाही. हे वाचलेले पैसे जमेला धरले तर वर्षाकाठी बारा हजारांची प्राप्ती आहे. म्हातारा म्हणतो, हिशेब ठीक आहे, पण हातात काय पडले? मुलगी दाखवण्याच्या बैठकीत ज्याने एकदा तरी चहा-पोहे घेतले आहेत त्याला हा प्रवेश परका वाटणार नाही.

मराठीने मोलियरला फार लवकर घरात घेतले. ह. ना. आपट्यांसारख्या गंभीर कादंबरीकारानेही 'मारून मुटकून वैद्यबुवा' आणि 'जबरीचा विवाह' ही रूपांतरे केली. देवलांचा 'फाल्गुनराव' आणि पुढे १९१६ सालचा 'संशयकल्लोळ' यांचे मूळ इंग्रजीमार्गे मोलियरपर्यंतच जाते. 'लाव्हार'ला मराठी कपडे चढवले ते आचार्य अत्र्यांनी, विसाव्या शतकाच्या मध्यावर, 'कवडीचुंबक' या नावाने. उर्दूकडे झुकणाऱ्या हिंदुस्थानीत हजरत आवारांचे 'कंजूस' आले. त्यातल्या चिक्कू म्हाताऱ्याला त्यांनी मिर्झा सखावत बेग असे दानशूर नाव दिले, ही खोडी मोलियरलाही आवडली असती.

रूपांतरकारापुढची खरी अडचण नावांची किंवा कपड्यांची नसते. पॅरिसमध्ये पैसा एकाच दिशेने वाहतो, मुलीच्या बापाकडून वराकडे. म्हणून 'हुंडा नको' म्हणणारा जावई आर्पागोंला देवदूत वाटतो. दख्खनमध्ये हा प्रवाह दोन्ही दिशांनी वाहून गेला आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इथल्या बऱ्याच ब्राह्मण घरांत बाप मुलीचे पैसे घेत होता, आणि पुढच्या काही दशकांत त्याच घरांत मुलीचा बाप वरासाठी पैसे मोजू लागला. त्यामुळे आपल्याकडचा कंजूष एकच राहत नाही. एकदा तो विकणारा असतो, एकदा विकत घेणारा, आणि कधी कधी एकाच नाटकात दोघे समोरासमोर बसून घासाघीस करतात.

या टप्प्यावर हैदराबादच्या मराठी वाचकाला एक फायदा आहे, जो पुण्या-मुंबईच्या वाचकाला सहज मिळत नाही. निजामाच्या राज्याच्या एका अंगाला मराठी मुलूख, दुसऱ्या अंगाला तेलुगू. आणि या दोन बाजूंना, सात वर्षांच्या अंतराने, लग्न आणि पैसा यांवरची दोन थोर नाटके उभी राहिली. गुरजाड अप्पाराव यांचे 'कन्याशुल्कम्' १८९२ साली विजयनगरम्‌ला रंगमंचावर आले, १८९७ला छापले गेले आणि १९०९ साली जवळजवळ नव्याने लिहिले गेले. गोविंद बल्लाळ देवलांचे 'शारदा' १८९९चे. दोघांनी एकमेकांची नाटके वाचली होती असे मानायला काही आधार नाही, आणि तसे मानायची गरजही नाही. रोग एकच होता.

गुरजाडांच्या प्रस्तावनेत एक आकडा आहे. विजयनगरम्‌च्या महाराजांनी विशाखापट्टणम् जिल्ह्यातल्या ब्राह्मणांमधील अशा विवाहांची नोंद करवली, तेव्हा तीन वर्षांत १०३४ लग्ने मुलीचे पैसे घेऊन झालेली आढळली, म्हणजे वर्षाला सरासरी ३४४. एवढ्या कोरड्या हिशेबावर गुरजाडांनी तेलुगूतले सर्वांत खळखळते नाटक रचले. त्यातल्या लुब्धावधान्लु या म्हाताऱ्या चिक्कूला पैसे मोजून कोवळी नवरी हवी आहे. अग्निहोत्रावधान्लु आपली थोरली मुलगी अशीच एका म्हाताऱ्याला देऊन बसला आहे, ती विधवा होऊन घरी आली आहे, तरी धाकटीचा भाव ठरवायला तो मोकळा. मुलीचा मामा करटकशास्त्री यावर तोड काढतो. तो आपल्या शिष्याला, एका पोराला, नऊवारी म्हणावे अशा थाटात नटवतो, आपली मुलगी म्हणून लुब्धावधान्लूला पैसे घेऊन देतो आणि लग्न लावून टाकतो. मधुरवाणी नावाच्या गणिकेची सोन्याची कंठी त्या बनावट नवरीच्या गळ्यात जाते, आणि नवरी पसार झाल्यावर सारे गाव कंठी शोधत फिरते. दडवलेले सोने इथेही आहे, फक्त ते जमिनीखाली नाही, पोराच्या गळ्यात आहे.

जाता जाता एक योगायोग. त्याच १८९२ साली इंग्लंडमध्ये ब्रँडन टॉमस यांचा 'चार्लीज आण्ट' रंगमंचावर आला. त्यातही एक पुरुष लुगड्यात, म्हणजे तिकडच्या झग्यात, शिरतो आणि पैशाला हपापलेला म्हातारा त्याच्यामागे लागतो. अत्र्यांनी पुढे त्याची 'मोरूची मावशी' केली आणि मराठी घराघरात ती मावशी मुक्कामाला आली. लंडनच्या पोशाखात जो विनोद निव्वळ गंमत आहे, तोच विजयनगरम्‌च्या पोशाखात अंगावर काटा आणतो. कारण तिथे त्या पोराच्या जागी एरवी खरोखरच एक मुलगी बसलेली असते.

'शारदा' या नाटकाकडे विनोदी म्हणून बघायची आपल्याला सवय राहिलेली नाही. तिच्या गाण्यांनी आणि अश्रूंनी आपली स्मृती व्यापली आहे. पण शारदेच्या बापाचे, कांचनभटाचे, नावच घ्या. भद्रेश्वर दीक्षित हा लग्नाचा दलाल आणि भुजंगनाथ हा जख्ख नवरदेव यांचे प्रवेश मोठ्याने वाचून पाहा. तारुण्य परत आणायची ती धडपड, दलालीची ती भाषा, हे अस्सल प्रहसन आहे. देवलांची करामत अशी की प्रेक्षक आधी हसतो आणि मग आपण कशाला हसलो याची त्याला लाज वाटते. गुरजाड उलट करतात. ते लाज वाटायला सवडच देत नाहीत, पुढचा विनोद आधीच दारात उभा असतो. मला व्यक्तिशः गुरजाड अधिक धीट वाटतात. या संग्रहातल्या एका लेखात नेमके याच्या उलट मत मांडले आहे, आणि ते मला पुरते पटले नसले तरी वाचताना मी अडखळलो जरूर.

आता खुद्द हैदराबाद. लग्न आणि दडवलेला पैसा या विषयाला याहून योग्य गाव शोधून सापडणार नाही. ज्या निजाम मीर उस्मान अली खान यांना 'टाइम' साप्ताहिकाने फेब्रुवारी १९३७ मध्ये जगातला सर्वांत श्रीमंत माणूस म्हणून मुखपृष्ठावर छापले, त्यांच्याच काटकसरीच्या कथा चारमिनारपासून काचीगुड्यापर्यंत प्रत्येक भाषेत सांगितल्या जात. १८४.७५ कॅरटचा जेकब हिरा त्यांना म्हणे वडिलांच्या जोड्याच्या टोकात सापडला, आणि त्यांनी तो कागदांवर ठेवायचे वजन म्हणून वापरला. जोड्यात हिरा! प्लॉटसलाही हे सुचले नसते. १९३१च्या नोव्हेंबरमध्ये त्यांच्या दोन्ही पुत्रांची लग्ने फ्रान्समधल्या नीस शहरी झाली, थोरल्याचे पदच्युत खलिफांच्या कन्येशी आणि धाकट्याचे त्याच घराण्यातल्या निलोफरशी. मौलाना शौकत अली मध्यस्थ होते. खलिफांनी मागितलेल्या मेहेरची रक्कम निजामांना जड वाटली, तेव्हा तेवढ्याच रकमेत दुसरी वधूही पदरात घ्यावी असा तोडगा निघाला, अशी हकीकत तेव्हापासून सांगितली जाते. ती शब्दशः खरी असो वा नसो, हैदराबादकरांना ती पटली, हे महत्त्वाचे. मोलियरच्या मध्यस्थ बाईने यापुढे हात टेकले असते.

१९४८ सालच्या सप्टेंबरात निजामांच्या नावाचे सुमारे दहा लाख पौंड लंडनच्या बँकेत पाकिस्तानच्या उच्चायुक्तांच्या खात्यात गेले, आणि ते कुणाचे याचा निकाल लागायला २०१९ उजाडले. तोवर त्यांचे साडेतीन कोटी पौंड झाले होते आणि वारसांची संख्याही भरपूर वाढली होती. हंडा सापडणे सोपे, तो कुणाचा हे ठरवणे कठीण, हा या प्रकारातल्या प्रत्येक नाटकाचा तिसरा अंक असतो.

सामान्य माणसाच्या घरीही हिशेब सरळ नव्हता. निजामाच्या राज्यात हाली शिक्का चाले आणि सरहद्दीपलीकडे कलदार. साधारण सात हाली म्हणजे सहा कलदार. नांदेडची मुलगी नगरकडे द्यायची तर देण्याघेण्याचा आकडा ठरल्यावरही एक प्रश्न उरायचा, आणि त्या एका प्रश्नावर अख्खा फार्स उभा राहू शकतो. तो कुणी लिहिल्याचे माझ्या पाहण्यात नाही. मराठवाड्याचे पाच जिल्हे १९५६पर्यंत हैदराबाद राज्यात होते. १९०७ची विवेकवर्धिनी, १९२२चे मराठी ग्रंथसंग्रहालय, डॉ. केतकरांच्या अध्यक्षतेखाली १९३१ साली इथे भरलेले साहित्य संमेलन, १९३७ची मराठी साहित्य परिषद, एवढा सगळा संसार असूनही हैदराबादी मराठी माणसाचे विनोदी नाटक हे दालन रिकामेच राहिले. आम्ही पुण्याची नाटके बसवली आणि तेलुगू सिनेमे पाहिले.

त्या सिनेमांतही आमच्या ओळखीचे बरेच होते. घर पाहावे बांधून, लग्न पाहावे करून ही म्हण तेलुगूतही जशीच्या तशी आहे. तिचा एक अर्धा घेऊन चिं. वि. जोशींच्या चिमणराव-गुंड्याभाऊंसह मास्टर विनायकांनी १९४० साली 'लग्न पहावे करून' केला. तोच अर्धा घेऊन एल. व्ही. प्रसादांनी १९५२ साली हुंड्यावरचा 'पेळ्ळि चेसि चूडु' काढला. बंजारा हिल्सच्या ज्या नेत्रसंस्थेवरून आज रोज हजारो माणसे जातात, तिला याच प्रसादांचे नाव आहे. 'कन्याशुल्कम्' १९५५ला पडद्यावर आले.

पण आर्पागोंचा खरा तेलुगू वारस म्हणावा तर तो १९८७च्या 'अहा ना पेळ्ळंटा'मधला लक्ष्मीपती. दिग्दर्शक जंध्याल, चिक्कू बाप कोटा श्रीनिवास राव. वर कोंबडी टांगून ठेवायची आणि तिच्याकडे बघत कोरडा भात खायचा, हा त्यातला प्रसंग तेलुगू घरांत आजही उदाहरणादाखल सांगितला जातो. कथेची मेख मात्र वेगळी आहे. इथे मुलीचा प्रियकर चोरी करत नाही की वेष बदलत नाही. तो श्रीमंत बापाचा मुलगा सासऱ्याहून मोठा कंजूष असल्याचे सोंग वठवून त्याला जिंकतो. पैसा लपवणे हा दोष राहिलेला नाही, ती लग्नाची पात्रता झाली आहे. नव्वदच्या दशकाच्या उंबरठ्यावरचा हा बदल मला सूचक वाटतो. पुढच्याच वर्षी मराठीत 'अशी ही बनवाबनवी' आला. त्यात तर बायकाही भाड्याच्या खोलीसाठी उभ्या केलेल्या.

ही परंपरा सलग आहे असा दावा कुणी करू नये. बबन प्रभूंच्या फार्समध्ये गती आहे, पैशाचा कोंडमारा नाही. 'तो मी नव्हेच' (१९६२) मध्ये लग्नामागून लग्ने करून बायकांना लुबाडणारा भामटा आहे, पण तिथे हसू कोर्टाच्या पायरीवरच थांबते. तरी ही नाटके शेजारी ठेवून वाचली की एक गोष्ट डोळ्यांत भरते. दडवणारा नेहमी पुरुष असतो. बाप, सावकार, म्हातारा नवरदेव, भामटा. आपल्या घरांत मात्र प्रत्यक्षात पैसा दडवत आली ती बाई: पदराच्या गाठीत, तांदळाच्या डब्यात, देव्हाऱ्यामागे, मोहरीच्या बरणीत. तिचे दडवणे कंजूषपणाचे नव्हते. तिच्या नावावर दुसरे काही नव्हते, म्हणून ते होते.

८ नोव्हेंबर २०१६च्या रात्री पाचशे-हजारच्या नोटा बाद झाल्या, आणि दुसऱ्या दिवसापासून हे डबे उघडे पडले. नवऱ्याला ठाऊक नसलेली रक्कम नवऱ्यासमोरच बँकेत नेण्याची वेळ लक्षावधी बायकांवर आली. बाद झालेल्या नोटांपैकी ९९.३ टक्के परत आल्या असे रिझर्व्ह बँकेने नंतर सांगितले. त्यांत मोहरीच्या बरणीतल्या किती, हे कुठल्याच अहवालात येणार नाही. ते नाटकात यायला हवे होते. प्लॉटसच्या त्या देवाने हंडा मुलीचा आहे असे सांगितले होते. बावीसशे वर्षांत तो हंडा मुलीच्या स्वतःच्या हातात देऊन तिला मध्यभागी उभे करणारी मोठी सुखात्मिका मला आपल्या दोन्ही भाषांत दिसत नाही. आज हा विषय पुन्हा उकरण्याचे कारण हेच आहे. हुंडाबंदीचा कायदा आंध्र प्रदेशाने १९५८ साली केला आणि देशाने १९६१ साली. आता आकडा कुणी मोठ्याने बोलत नाही. फ्लॅट, गाडी, परदेशी शिक्षणाचा खर्च अशा नावांनी तो हळूच सरकतो. लपवाछपवी वाढली की प्रहसनाचे दिवस येतात. निदान यायला हवेत.

हे पुस्तक नाट्येतिहास नाही, आणि तसा आव ते आणत नाही. तारखांच्या जंत्रीपेक्षा लेखकांचे लक्ष प्रवेशांवर आहे: कोण काय दडवतो, कुणापासून, आणि ते उघडे पडते तेव्हा प्रेक्षक कुणाच्या बाजूने हसतो. मराठी आणि तेलुगू कृती एकाच लेखात समोरासमोर ठेवायची पद्धत सर्वत्र सारखी साधलेली नाही. चित्रपटांवरचे लेखन नाटकांवरच्या लेखनापुढे थोडे विरळ आहे, आणि उर्दू रंगभूमीला हैदराबादेतल्या पुस्तकात मिळायला हवी होती तेवढी जागा मिळालेली नाही. पण तेलुगू उतारे दुसऱ्या कुठल्या अनुवादावरून न घेता मूळ वाचून मराठीत आणले आहेत, आणि त्यांत बोलीचा ठसका टिकला आहे. केवळ तेवढ्यासाठीही हा संग्रह घरात असावा.

नव्याने या विषयाकडे वळणाऱ्याने क्रमाने वाचण्याचा हट्ट धरू नये. आधी 'कन्याशुल्कम्'वरचा लेख वाचावा, मग मूळ 'शारदा' हातात घ्यावी, आणि दोन-चार जणांनी मिळून मोठ्याने वाचावी. हैदराबादच्या मराठी वाचकांना आणखी एक विनंती. सुलतान बाजार, काचीगुडा, बरकतपुरा इथल्या जुन्या घरांत अजून हौशी नाटकांच्या हस्तलिखित प्रती, भूमिकांच्या वह्या, प्रयोगांची हँडबिले पडून असतील. माळे साफ करताना ती रद्दीवाल्याला देऊ नका. ग्रंथसंग्रहालयात आणून द्या. त्यांत एखादा हाली-कलदारचा फार्स निघायचा.